जपानची जंगलं, आपली रानं : वाचक विचारतात

गेल्या अंकात जपानच्या जंगलांवर लेख आला आणि जळगाव, धुळे, नंदुरबार या तिन्ही जिल्ह्यांतून पत्रं आली. निम्म्याहून जास्त पत्रं मियावाकी (दाटीने रोपं लावायच्या) लागवडीबद्दल आहेत, म्हणून त्या उत्तराला जागाही जास्त दिली आहे. सारखे प्रश्न एकत्र केले आहेत.

प्रश्न : सामान्यज्ञानाच्या पुस्तकात जपानची ६७ टक्के जमीन जंगलाखाली असल्याचं वाचलं. एवढी दाट वस्ती, एवढे कारखाने, तरी दोन तृतीयांश जंगल कसं? मुलांना काय सांगावं? (शिक्षिका, चाळीसगाव)

आकडा बरोबर आहे. साधारण अडीच कोटी हेक्टर जंगल. पण मुलांना त्याच्या जोडीला दुसरा आकडाही सांगा : यातलं चाळीस टक्के, म्हणजे सुमारे एक कोटी हेक्टर, माणसांनी रोपं लावून उभं केलेलं आहे. आणि त्यात मुख्य झाडं दोनच, सुगी आणि हिनोकी. दोन्ही सरळसोट वाढणारी, इमारती लाकडाची.

जंगल टिकण्याचं पहिलं कारण भूगोल. जपानचा बराचसा भाग उभ्या चढणीचे डोंगर आहेत. शेती, शहरं, कारखाने सगळे किनाऱ्यालगतच्या चिंचोळ्या सपाटीवर दाटीने बसलेले आहेत. दुसरं कारण, तिथल्या लोकांनी ठेच खाल्लेली आहे. सतराव्या शतकात किल्ले, देवळं, नवी शहरं बांधताना डोंगर बोडके झाले, गाळ वाहून आला, नद्या उथळ झाल्या. १६६६ साली शोगुनच्या (तेव्हाच्या लष्करी राज्यकर्त्याच्या) सरकारने हुकूम काढला : डोंगरावरची झाडझुडपं मुळासकट उपटू नका आणि नदीकाठच्या उघड्या उतारांवर रोपं लावा. किसो खोऱ्यात तर हिनोकी तोडणाऱ्याबद्दल ‘एक झाड, एक मुंडकं’ अशी म्हणच पडली.

दुसऱ्या महायुद्धात डोंगर पुन्हा उघडे पडले. युद्धानंतर सरकारने देशभर सुगी-हिनोकीची लागवड लावून धरली. हेक्टरी साधारण तीन हजार रोपं, पाच-सहा वर्षं गवत-वेली काढायच्या, मग दर काही वर्षांनी विरळणी (दाटीतली काही झाडं काढणं) आणि चाळीस-पन्नास वर्षांनी तोड. हिशेब चोख होता. पण १९६४ पर्यंत लाकडाची आयात पूर्ण खुली झाली. फिलिपाईन्स, इंडोनेशिया, मलेशिया, अमेरिकेतून स्वस्त लाकूड येऊ लागलं. १९८० नंतर देशी लाकडाचे भाव उतरत गेले आणि विरळणीची मजुरीसुद्धा सुटेना. २००२ मध्ये देशाच्या गरजेपैकी जेमतेम १९ टक्के लाकूड देशातलं होतं, आता ते ४० टक्क्यांच्या आसपास आलं आहे. म्हणजे जपानचं जंगल शाबूत राहिलं यात दुसऱ्यांच्या जंगलांनी मोजलेली किंमतही आहे. ही बाजू पुस्तकात नसते, ती मुलांना जरूर सांगा.

विरळणी न झालेल्या सुगीच्या रानात भर दुपारी अंधार असतो. खोडं काठीसारखी बारीक, जमिनीवर गवताचं पातं नाही, आणि तुफान आलं की झाडं माती घेऊन आडवी. त्यात सुगी पंचवीस-तीस वर्षांची झाली की फेब्रुवारी ते एप्रिल भरभरून परागकण सोडते. शिंका, डोळ्यांची आग, बंद नाक : या विकाराची नोंद १९६४ मध्ये निक्को भागात झाली आणि आज जपानभर दर दहांमागे चार माणसांना तो आहे. दहा वर्षांत सुगीच्या लागवडीचं क्षेत्र वीस टक्क्यांनी कमी करायचं, असं सरकारने २०२३ मध्ये ठरवलं. शिवाय २०२४ पासून दर करदात्याकडून वर्षाला एक हजार येन वन-पर्यावरण कर घेतला जातो. तो पैसा मुख्यतः दुर्लक्षित राहिलेल्या रानांच्या देखभालीसाठी आहे.

प्रश्न : आमच्या शाळेकडे दहा गुंठे पडीक आहे, अर्धी काळी जमीन, अर्धी मुरमाड. मियावाकी पद्धतीने जंगल करायचं आहे. रोपवाटिकावाले तीन हजार रोपं लागतील म्हणतात. करावं का? (शाळा समिती, पारोळा)

करा, पण तीन हजार रोपांनी नको.

अकिरा मियावाकी (१९२८–२०२१) हे योकोहामाच्या विद्यापीठातले वनस्पतिशास्त्रज्ञ. त्यांचा मूळ प्रश्न असा होता : माणसाने हात लावला नसता तर या जागेवर कोणतं रान असतं? उत्तर शोधायला ते देवळांभोवतीच्या जुन्या राया धुंडाळत. तिथे सापडलेल्या झाडांचं बी गोळा करायचं, रोपं मुळांनी भरगच्च होईपर्यंत कुंडीत वाढवायची, माती भुसभुशीत करून उंचवटा करायचा, चौरस मीटरला तीनेक रोपं मिसळून लावायची, वर भाताच्या पेंढ्याचा जाड थर द्यायचा, दोन-तीन वर्षं तण काढायचं आणि मग रान त्याच्यावर सोपवायचं. १९७० च्या दशकाच्या सुरुवातीला ओइता इथल्या पोलाद कारखान्याभोवती हे प्रथम मोठ्या प्रमाणावर झालं.

आपल्याकडे यातला ‘चौरस मीटरला तीन रोपं’ एवढाच भाग पोचला आणि झाडांची यादी मागेच राहिली. योकोहामात वर्षाला सतराशे मिलिमीटरच्या आसपास पाऊस पडतो, आणि तोही बारा महिन्यांत वाटलेला. तिथली झाडं सदाहरित आहेत, लहानपणी सावली सोसतात. म्हणून गर्दीत स्पर्धा लागते आणि रोपं वर धावतात. पारोळ्याकडे साडेसहाशे-सातशे मिलिमीटर पाऊस, तो चार महिन्यांत, आणि मे महिन्यात पारा चव्वेचाळीसच्या वर. आपली झाडं पानझडी आणि उजेडाची भुकेली. अंजन, सालई, धावडा, मोह यांना कोंडलं तर ती वाढत नाहीत, करंज तेवढा सगळ्यांच्या डोक्यावर चढतो. तीन वर्षांनी फोटोत हिरवंगार दिसतं. पाचव्या वर्षी आत जाऊन मोजलं की निम्म्या जाती गेलेल्या असतात.

पाण्याचा हिशेब आधी मांडा. एक मिलिमीटर पाणी म्हणजे चौरस मीटरला एक लिटर. उन्हाळ्यात दाट लागवडीला रोज पाच मिलिमीटर धरा. दहा गुंठे म्हणजे १,०१० चौरस मीटर, म्हणजे रोज पाच हजार लिटर. दोन उन्हाळे हे पाणी शाळा कुठून आणणार?

म्हणून असं करा. दोन गुंठ्यांत दाट गाभा, चौरस मीटरला एक रोप, म्हणजे दोनशे रोपं. उरलेल्या आठ गुंठ्यांत दोन-दोन मीटरवर एक, म्हणजे आणखी दोनशे. एकूण चारशे. रोपाला आठवड्यातून दोनदा दहा लिटर दिलं तर आठवड्याला आठ हजार लिटर, साधारण एक टँकर. ठिबकच्या जुन्या नळ्या मिळाल्या तर काम सोपं होतं, फक्त तोट्या खोडापासून वीतभर लांब ठेवा. नोव्हेंबर ते जून असं दोन वर्षं द्या. तिसऱ्या वर्षी मार्च ते मे पंधरवड्याला एकदा पुरे.

जातींची निवड मियावाकींसारखीच करा : पारोळा-एरंडोल भागातली जुनी देवस्थानं, ओढ्याकाठचे पट्टे, गावशिवेवरची म्हातारी झाडं बघून यादी करा. उंच झाडांत अंजन, बिजा, धावडा, मोह, बेहडा, कडुनिंब, हेदू. मधल्या थरात पळस, बेल, आवळा, भोकर, टेंभुर्णी, खैर, चारोळी. खाली निरगुडी, तरवड, मुरुडशेंग, बोर. एकच जात दहा टक्क्यांच्या वर नको. करंजाला पाच टक्केच द्या. गुलमोहर, सुबाभूळ, निलगिरी, काशीद, गिरिपुष्प रोपवाटिकेने कितीही स्वस्तात दिले तरी घेऊ नका.

बियांचं वेळापत्रक चुकलं की वर्ष गेलं. मोह आणि कडुनिंबाचं बी पाऊस लागता लागता पिकतं आणि काही आठवड्यांतच मरतं. गोळा केलं की आठवड्याच्या आत पेरा. अंजनाचं सोटमूळ भराभर खोल जातं. लहान पिशवीत ते तळाला गुंडाळतं आणि असं रोप जमिनीत लावल्यावर वर्षानुवर्षं खुरटलेलं राहतं. अंजनाच्या शेंगा जागेवरच टोका, एका ठिकाणी तीन-चार, आणि पुढच्या वर्षी एकच रोप ठेवा. रोप पहिली दोन-तीन वर्षं वाढत नाही असं वाटेल, उन्हाळ्यात शेंडा वाळेलही. उपटू नका, ते खाली वाढत असतं.

मशागत एप्रिल-मेमध्ये. मुरमाड भागात दोन-अडीच फूट खणून गुंठ्याला एक ट्रॉली कुजलेलं शेणखत मिसळा. कच्चं शेण घातलं की वाळवी लागते आणि उष्णतेने मुळं भाजतात. काळ्या जमिनीत खड्डा करू नका. पावसाळ्यात तिथे पाणी साचून मुळं गुदमरतात आणि मार्चमध्ये तीच जमीन भेगाळून मुळं तोडते. तिथे फूटभर उंच गादी करा, तळाला खडे-मुरूम मिसळा. ओल्या काळ्या मातीत कुदळ घालायची नाही, ढेकळं विटेसारखी होतात. दोन दमदार पाऊस झाले की जुलैच्या मध्यापर्यंत लावून मोकळे व्हा.

सगळ्यात मोठा धोका आगीचा. फेब्रुवारीपासून पाचोळा आणि आच्छादन कडकडीत वाळतं, आणि बांध जाळायची आपल्याकडची सवय आहेच. जानेवारीत चहूबाजूंनी दहा फूट पट्टा खरवडून उघडा ठेवा. आणि तुमच्या पत्रात ‘शेजारचं गायरानही घेऊ’ असं आहे, ते नको. तिथे चांगलं गवत असेल तर ते कुरण म्हणूनच मोलाचं आहे. गवताच्या जागी झाडं लावणं म्हणजे एक रान मोडून दुसरं करणं.

प्रश्न : आमच्याकडे केळीचे खांब आणि पानं ढिगाने पडून असतात. भाताच्या पेंढ्याऐवजी चालतील का? पऱ्हाटी चालेल का? (शेतकरी, रावेर)

वाळलेली केळीची पानं उत्तम. सहा ते आठ इंच थर द्या, महिनाभरात दबून निम्मा होतो. वाऱ्याने उडू नये म्हणून मियावाकी लागवडीत पेंढ्यावर दोऱ्या ताणून खुंट्यांना बांधतात, तसंच करा, केळीच्या सोपटाची दोरी पुरते. खांब उभे चिरून, चिरलेली बाजू खाली करून दोन ओळींच्या मध्ये ठेवले तर ओल धरतात, पण दोन-तीन महिन्यांत कुजतात, पुन्हा भर घालावी लागते. करप्याची पानं किंवा व्हायरसग्रस्त खांब केळीच्या बागेजवळच्या लागवडीत टाकू नका. पऱ्हाटी अख्खी नको : तिच्या किडक्या बोंडांत गुलाबी बोंडअळी दडून राहते. यंत्राने बारीक कुट्टी करूनच वापरा. कडबा गुरांना राहू द्या. आच्छादन काहीही असो, खोडाभोवती चार बोटं जागा मोकळी हवी, नाहीतर साल कुजते आणि वाळवी तिथूनच चढते.

प्रश्न : एका झाडाच्या माथ्यावर दहा सरळ झाडं उगवलेला फोटो मोबाईलवर फिरतो आहे. ‘जपानी लोक झाड न तोडता लाकूड घेतात’ असं खाली लिहिलंय. खरं आहे? (वाचक, भुसावळ)

झाड खरं, मजकूर फुगवलेला. त्याला दाइसुगी म्हणतात. क्योटोच्या उत्तरेला कितायामा भागात ही रीत साधारण सहाशे वर्षांपूर्वीची. चहागृहांच्या छपरांना बारीक, एकसारखे, घट्ट वासे लागत आणि उभ्या डोंगरात रोपं लावायला जागा कमी, म्हणून बुंधा ठेवून वर फुटलेल्या सुगीच्या कोंबांतले मोजके वाढवायचे. दर दोन-तीन वर्षांनी खालच्या फांद्या हाताने छाटायच्या म्हणजे वाशाला गाठ राहत नाही, आणि वीस-तीस वर्षांनी वासा उतरवायचा. घराचा खांब, तुळई यातून मिळत नाही. आज दाइसुगी बहुतेक बागांत शोभेसाठीच दिसते.

प्रश्न : आपल्या देवराईसारखं तिकडे काही असतं का? देवाच्या झाडांना खरंच हात लावत नाहीत का? (गृहिणी, एरंडोल)

असतं. त्याला चिंजु नो मोरी म्हणतात, गावराखण्या देवाची राई. जुन्या झाडाला भाताच्या पेंढ्याचा जाड पीळदार दोर बांधलेला दिसला, त्याला कागदाच्या पांढऱ्या झिरमिळ्या असल्या, की ते देवाचं झाड.

पण त्या राया आपोआप राहिल्या नाहीत. १९०६ मध्ये सरकारने ‘एका गावाला एकच देऊळ’ असा हुकूम काढला. पुढच्या काही वर्षांत सुमारे सत्तर हजार देवस्थानं मोडीत निघाली आणि त्यांची राई लाकूड म्हणून विकली गेली. वाकायामा भागातले निसर्गअभ्यासक मिनाकाता कुमागुसु (१८६७–१९४१) याविरुद्ध उभे राहिले. राई गेली की पक्षी जातात, कीड वाढते, आणि गावाला एकत्र यायची जागाही जाते, असं ते लिहीत राहिले. १९१० मध्ये एका सभेत घुसल्याबद्दल त्यांना अठरा दिवस कोठडीत काढावे लागले. पुढे हुकूम मागे पडला, काही राया वाचल्या.

हात लावत नाहीत का, याचं उत्तर इसे इथल्या महादेवळात आहे. ते दर वीस वर्षांनी शेजारच्या रिकाम्या जागेवर जसंच्या तसं नवं बांधतात. मागचं २०१३ मध्ये झालं, पुढचं २०३३ मध्ये. त्याला दहा हजारांवर हिनोकी लागतात. तोडीचा पहिला विधी २०२५ च्या जूनमध्ये किसोतल्या आगेमात्सु इथे झाला. पांढऱ्या वेशातले लाकूडतोडे करवत वापरत नाहीत. तीन बाजूंनी कुऱ्हाडी घालत खोडात आरपार पोकळी करतात, झाड तीन पायांवर उभं राहिल्यासारखं दिसतं. मग शेवटचा पाय तोडताना ‘एक झाड निजतंय’ अशी हाळी देतात. झाड पडल्यावर त्याचाच शेंडा छाटून बुंध्यात खोचतात आणि हात जोडतात. तोडणं आणि पूजणं ही तिथे दोन कामं नाहीत. १९२३ पासून इसेच्या मागच्या डोंगरावर देवळासाठी दोनशे वर्षांच्या बोलीने हिनोकी वाढवणं सुरू आहे. ते लाकूड आज लावणाऱ्यांपैकी कुणीच पाहणार नाही.

तोक्योतल्या मेइजी देवस्थानाचं सत्तर हेक्टरांचं रानही माणसांनीच लावलेलं. १९२० मध्ये देवस्थान सुरू झालं, देशभरातून लाखभर झाडं भेट आली. पंतप्रधान ओकुमा यांना तिथे सुगीची भव्य राई हवी होती. वनशास्त्रज्ञ होंदा सेइरोकु यांनी नकार दिला : शहराच्या धुरात आणि त्या मातीत सुगी खुरटणार, हे त्यांनी वाढीचे आकडे दाखवून पटवलं. वर तात्पुरते पाइन, मध्ये हिनोकी वगैरे आणि खाली सदाहरित ओक-कापूर अशी लागवड करून, दीडशे वर्षांत खालचं रान आपोआप वर येईल असा आराखडा केला. शंभर वर्षांच्या आतच ते आलं.

त्या देवस्थानात रुंद, लांब झाडू घेतलेले झाडकरी रोज वाटा झाडतात, पण एक पानही बाहेर जात नाही. सगळा पाचोळा दोन्ही बाजूंच्या झाडांखाली लोटायचा, हा पहिल्या दिवसापासूनचा नियम. तुमच्याकडे पद्मालयाला किंवा गावच्या देवस्थानाला झाडं असतील तर पुजारीबुवांना एवढंच सांगा : पाचोळा पेटवू नका, झाडांखाली परत टाका. आणि बुंध्याभोवती फरशी घालताना निदान तीन-चार फूट माती उघडी ठेवा. पारावरचं झाड फरशीनेच गुदमरतं.

प्रश्न : जपानमध्ये म्हणे जंगल तोडल्याने वाचतं. हे कसं? (वाचक, शिरपूर)

प्रत्येक जंगलाला हे लागू नाही, गावाला लागून असलेल्या रानाला आहे. त्याला सातोयामा म्हणतात : वस्ती, भातखाचरं आणि डोंगर यांच्यामधलं वापरातलं रान. तिथे ओक कुळातली कोनारा आणि कुनुगी ही पानझडी झाडं. हिवाळ्यात, पानं गळल्यावर, ती जमिनीलगत तोडत. वसंतात बुंध्यातून कोंब फुटत, त्यातले दोन-तीन जोमदार ठेवून बाकी काढत, आणि पंधरा-वीस वर्षांनी पुन्हा तोड. डोंगराचे तुकडे पाडून दरवर्षी एकच तुकडा तोडायचा, त्यामुळे एकाच डोंगरावर एक वर्षाचं, दहा वर्षांचं, वीस वर्षांचं रान शेजारीशेजारी असे. उघड्यावर फुलपाखरं आणि रानफुलं, दाटीत पक्षी. लाकडाचा कोळसा होई, ओंडक्यांवर शिताके अळिंबी घेत, पाचोळा भातशेतीच्या खताला जाई.

१९६० च्या दशकात गॅस आणि रासायनिक खत आलं, आणि डोंगरावर जायचं कारणच उरलं नाही. झाडं पन्नास-साठ वर्षांची, जाड झाली. जाड खोडातच पोसणारा एक बारीक भुंगा बुरशी घेऊन आत शिरतो आणि ऐन उन्हाळ्यात हिरव्या डोंगरावर तांबड्या, वाळलेल्या झाडांचे ठिपके दिसू लागतात. आता तोडावं म्हटलं तर म्हाताऱ्या बुंध्यातून कोंबही फुटत नाहीत. शिवाय रान गावापर्यंत दाट झाल्याने रानडुक्कर, हरणं, अस्वलं थेट परसात येतात.

तुमच्या बांधावर हे करता येतं, पण सातपुड्याच्या राखीव जंगलात नाही. साग, धावडा, पळस, कडुनिंब बुंध्यातून चांगले फुटतात. तोड जानेवारी-फेब्रुवारीत, नवी पालवी यायच्या आधी. वीतभर बुंधा ठेवा, काप तिरका आणि गुळगुळीत असू द्या म्हणजे पाणी साचत नाही. साल चिरली की त्या बाजूला कोंब धरत नाही. पावसाळ्यानंतर दोन-तीन कोंब ठेवा. पहिली दोन वर्षं शेळ्यांपासून राखलं नाही तर सगळं व्यर्थ. आणि एक पक्कं लक्षात असू द्या : १९६४ च्या वृक्षतोड कायद्याच्या यादीत साग, खैर, मोह, बिजा, हेदू, तिवस, अंजन, चिंच, आंबा अशी झाडं आहेत. स्वतःच्या वावरातली असली तरी परवानगीशिवाय तोडता येत नाहीत.

प्रश्न : डॉक्टरांनी ‘फॉरेस्ट बाथ’ घ्यायला सांगितलं. पालला किंवा तोरणमाळला करता येईल का? (सेवानिवृत्त, जळगाव)

जपानी शब्द शिनरिन-योकु, म्हणजे वनस्नान. १९८२ मध्ये तिथल्या वनखात्याने तो काढला आणि नागानो प्रांतातल्या आकासावाच्या हिनोकी रानात पहिला कार्यक्रम झाला. करायचं एवढंच : दोन तासांत दोन-अडीच किलोमीटरपेक्षा जास्त चालायचं नाही, फोन बंद, बोलणं बंद, अधूनमधून वीस मिनिटं एका जागी बसायचं. ताण हलका होतो, झोप सुधारते, हे बऱ्याच जणांना जाणवतं. रोगप्रतिकारक पेशी वाढतात असं दाखवणारा पहिला अभ्यास मात्र जेमतेम डझनभर पुरुषांवरचा होता. रक्तदाबाची गोळी त्याच्या भरवशावर सोडू नका.

आपल्याकडे ऑगस्ट ते जानेवारी योग्य. एप्रिल-मेमध्ये सातपुड्याला पानच नसतं, लू तेवढी लागते. मार्च-एप्रिलमध्ये पहाटे मोहाखाली जाऊ नका : फुलं वेचायला माणसं येतात तशी अस्वलंही येतात. आणि मोहाखाली झाडून ठेवलेली जागा ही कुणाची तरी वर्षाची कमाई असते, तिथे बस्तान मांडू नये.

प्रश्न : आमच्या पाड्याला सामूहिक वनहक्क मिळाला. जपानमध्ये गावाच्या मालकीचं जंगल होतं का? त्यांचे नियम काय होते? (ग्रामसभा सदस्य, धडगाव)

होतं, त्याला इरियाई म्हणतात. फुजी डोंगराच्या उत्तर उतारावरच्या गावांचे नियम बघा. छपराचं गवत कापायचा दिवस गावसभा ठरवी. त्या दिवशी देवळाची घंटा झाली की सुरुवात, आधी कुणीही विळा लावायचा नाही. घरटी एकच माणूस, हत्यार ठरलेलं. जनावरांच्या वैरणीच्या गवताचे तुकडे पाडून चिठ्ठ्या टाकत, दरवर्षी वाटा बदले, म्हणजे चांगली जागा कायम एकाकडे राहत नसे. राखणीला गावचीच माणसं. चोरून कापताना सापडला तर पहिल्यांदा साकेची (तांदळाच्या दारूची) बाटली दंड, पुन्हा केलं तर हत्यार आणि माल जप्त, आणि तरीही ऐकलं नाही तर वाळीत टाकणं. हा शेवटचा भाग आपण घेऊ नये. महाराष्ट्रात सामाजिक बहिष्कार गुन्हा आहे.

१८७३ च्या जमीन महसूल सुधारणेनंतर अशी बरीच रानं सरकारजमा किंवा खासगी झाली. इवाते प्रांतातल्या कोत्सुनागी गावाने आपल्या हक्कासाठी १९१७ ते १९६६ खटले लढवले. तीन पिढ्या. तुमच्या भागातल्या लोकांना हे ओळखीचं वाटेल.

साक्री तालुक्यातल्या बारीपाड्याने नव्वदच्या दशकापासून चैत्राम पवार यांच्या पुढाकाराने कुऱ्हाडबंदी, राखणदार आणि दंड या तीन गोष्टींवर सुमारे अकराशे एकर रान उभं केलं. २०२५ मध्ये पवारांना पद्मश्री मिळाली. तिथे जाऊन नियमवही बघून या, ते आधी करा.

मग घंटेचा नियम चारोळीला लावून बघा. चारोळीचं नुकसान कुऱ्हाडीने कमी आणि घाईने जास्त होतं. ‘मी नाही तोडली तर दुसरा तोडेल’ म्हणून एप्रिलमध्ये हिरवीच फळं ओरबाडतात, फांद्याही मोडतात. कच्च्या फळातली बी सुरकुतलेली, वजनाला हलकी, व्यापारी भाव पाडतो. आणि पेरायला पिकलं बीच उरत नाही, त्यामुळे नवं रोप दिसत नाही. ग्रामसभेत जाणत्या बायांना घेऊन ठरवा : कोणत्या खोऱ्यातली फळं काळपट जांभळी झाली ते आठवड्याला दोघांनी जाऊन बघायचं, तीन चतुर्थांश झाडं पिकली की तारीख जाहीर करायची, त्याआधी आणलेला माल गावातल्या तराजूवर घ्यायचा नाही. घरटी दोन माणसं, आकडी चालेल, कुऱ्हाड-कोयता नाही. प्रत्येक दहा झाडांमागे एक झाड न तोडता बियांसाठी ठेवायचं, त्याला चुन्याचा पट्टा मारायचा. शेजारच्या पाड्यालाही तीच तारीख हवी, नाहीतर तुमची पिकलेली फळं सीमेवरून आदल्या रात्री जातील. पहिल्या वर्षी एकाच खोऱ्यात करा, आणि किलोला किती भाव मिळाला ते आधीच्या वर्षाच्या शेजारी वहीत लिहा. पुढच्या ग्रामसभेत तो आकडा वाचून दाखवता येईल.